कॅम्प चारचे साठ डबे

खरवई, बदलापूर (पूर्व)
रविवार, १ डिसेंबर २०२४

सोनिया,

तुझे कपडे दोन बॅगांत भरून सदूच्या रिक्षाने पाठवले आहेत. लहान बॅगेच्या आतल्या कप्प्यात तुझी सर्टिफिकेटं, पॅनकार्ड आणि प्रज्वलच्या मृत्यूच्या दाखल्याची एक प्रत आहे. दुसरं लग्न नोंदवताना तो दाखला मागतात, असं ऐकलं आहे. लागला नाही तर परत पाठव, फाडू नकोस.

फोन मी बंद ठेवला आहे. फोनवर समोरचा लगेच उत्तर मागतो आणि मला तेवढ्यात सुचत नाही. अंबरनाथच्या कंपनीत सत्तावीस वर्षं डिस्पॅचला होते, तिथे पत्रं लिहायची सवय लागली. म्हणून लिहिते आहे. हाताने लिहिलेलं मराठी वाचायला तुला वेळ लागतो हे मला माहीत आहे. सावकाश वाच, घाई नाही.

ओव्हन तू आणलेला आहे, तो कुणाला तरी पाठवून घेऊन जा. ट्रे घासून, पुसून, वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवले आहेत. गुळाचा पाक करायची जाड बुडाची कढई माझी आहे, ती मी ठेवते.

या आठवड्यात चार ठिकाणांहून नानकटाईची विचारणा झाली. ओव्हन बिघडला आहे असं मी सांगितलं. एमआयडीसीतले ते कँटीनवाले म्हणाले, मग सूनबाईंशीच बोलतो. मी म्हटलं, ती माहेरी गेली आहे. हे काही खोटं नाही.

मागच्या रविवारी संध्याकाळी तू येऊन गेलीस आणि तुझ्यासोबत कुणी होतं, असं समोरच्या अंजनीने सांगितलं. मी घरी नव्हते. भाजी आणायला गेले होते.

तुझ्या आईंना नमस्कार सांग. त्यांचं बीपी आता उतरलं असेल.

वृंदा


खरवई
१५ डिसेंबर

सोनिया,

अंजनीच्या फोनवर तू पाठवलेला व्हॉइस मेसेज मिळाला. अकरा मिनिटांचा आहे. तिने फोन माझ्या हातात दिला आणि ती आत निघून गेली, तरी मी चार मिनिटांच्या पुढे ऐकू शकले नाही. तू रडत होतीस म्हणून नाही. दर वाक्यात मला आई म्हणत होतीस म्हणून.

आधी एक दुरुस्ती. मी भाजीला गेले नव्हते. घरातच होते. तू तीनदा बेल वाजवलीस. मी दाराच्या आतल्या बाजूला खुर्चीवर बसले होते. "आई, तुमची चप्पल बाहेर आहे," असं तू म्हणालीस, तेही ऐकलं. तो मुलगा, प्रीतम, हळू आवाजात "चल, बाद में आएंगे" म्हणाला. आवाजावरून बरा वाटला.

तू विचारतेस, मला हॉलवर कुणी पाठवलं. प्रीतमच्या घरच्यांपैकी कुणी मुद्दाम कळवलं का. कुणी नाही. काय झालं ते सांगते, म्हणजे तू दुसऱ्या कुणावर संशय घेणार नाहीस.

शुक्रवार आणि शनिवार आपण दोघी उभ्या होतो. उल्हासनगरला कॅम्प चारमध्ये फंक्शन आहे, साठ डबे हवेत, एवढंच तू सांगितलं होतंस. कसलं फंक्शन ते मी विचारलं नाही. मी आपली तूप आणि पिठीसाखर तळहाताने फेसत होते, पांढरंशुभ्र होईपर्यंत, नेहमीसारखं. मैदा, बेसन, वेलची माझ्याकडे. वरचं सगळं तुझ्याकडे. गूळ आणि बटरचा पाक, त्यात भाजलेले दाणे, आणि पाक गरम असतानाच वरून चिमटीने भरडलेलं मीठ. ते वरचं खारं-गोड तुझंच होतं. लोक त्यासाठीच मागवायचे, हे मी कधी नाकारलं नाही.

चव बघायचं कामही तुझंच. प्रज्वल गेला त्या दिवसापासून मी नानकटाई सोडली आहे. त्याला आवडायची म्हणून. त्या वर्षी दिवाळीला आपल्याकडे काहीच केलं नव्हतं, शेजारच्यांनी फराळ आणून दिला होता. पुढच्या वर्षी तू ओव्हन आणलास आणि म्हणालीस, आपल्यासाठी नको आई, दुसऱ्यांसाठी करू. मला ते पटलं. तीन वर्षं मी पीठ मळलं आणि एक तुकडा तोंडात टाकला नाही. हे तुला माहीत होतं, म्हणून सांगते, कारण पुढचं त्यावरच आहे.

रविवारी सकाळी आठला तू डबे रिक्षात घालून निघालीस. डबे पोचवून माहेरी जाते, मम्मीचं बीपी वाढलंय म्हणालीस. मी डब्यात मऊ भात आणि मेतकूट भरून दिलं, त्यांना तिखट नको म्हणून. तू तो डबा घेतलास. पिशवीत नीट उभा ठेवलास.

नऊ वाजता अंजनी दूध मागायला आली. तुटलेल्या नानकटाया एका ताटलीत काढून ठेवल्या होत्या, तिने त्यातली एक खाल्ली. म्हणाली, "वृंदाताई, ही नुसतीच गोड आहे. मीठ घालायचं राहिलं वाटतं." दुसरी खाल्ली, ती बरोबर होती. तिसरी परत नुसती गोड. मी आठवून पाहिलं. शनिवारी शेवटच्या चार ट्रेच्या वेळी तुला फोन आला होता आणि तू फोन खांद्याला धरून पाक ओतत होतीस. त्या चार ट्रेचे आठ डबे भरले होते. साठातले आठ डबे चुकीचे गेले, तर नाव कुणाचं जाईल? तुझंच. तू आईच्या आजारपणात, तुला कशाला कळवायचं, असं मला वाटलं.

फ्रीजमध्ये पीठ उरलं होतं. मी दोन तासांत आठ डबे पुन्हा केले. वरचा पाक आयुष्यात पहिल्यांदा मी केला. बोटं भाजली. ऑर्डरच्या चिठ्ठीवर हॉलचं नाव तुझ्याच अक्षरात होतं. सदूला बोलावलं. मोरिवलीच्या एमआयडीसीपाशी शिफ्ट सुटली होती, रिक्षांची रांग लागली होती. मी त्याला दोनदा म्हटलं, जरा लवकर, लोक जेवायला बसतील.

दारात एक सूटवाला गृहस्थ होता. मला पाहून हात जोडून म्हणाला, "आइए आंटी, लड़कीवाले या लड़केवाले?"

मी म्हटलं, "नानकटाईवाली."

तो हसला आणि बाजूला झाला. तेव्हा तू समोर दिसलीस. ओटीत नारळ, डोक्यावर लाल ओढणी, आणि तुझी आई शेजारी उभी. चांगली ठणठणीत. तू मला पाहिलंस. उठायला लागलीस, कुणीतरी तुला खांद्याला धरून बसवलं. मी डबे त्या गृहस्थांकडे दिले आणि सांगितलं की शेवटचे आठ बदला, त्यात मीठ नाही. त्यांना काहीच कळलं नसेल.

एवढंच झालं.

तू त्या मेसेजमध्ये म्हणतेस की मी हो म्हटल्याशिवाय लग्नाची तारीख धरणार नाहीस. हे माझ्यावर ढकलू नकोस. तुमचा सिंधी साखरपुडा, ती मिश्री, करताना मला विचारलं नव्हतंस, तर आता तारखेला कशाला विचारतेस.

वृंदा


खरवई
५ जानेवारी २०२५

सोनिया,

काल तुझ्या आई येऊन गेल्या. एकट्याच आल्या होत्या, म्हणून त्यांचा अपमान केला नाही. चहा केला.

त्या मला अदी म्हणतात, तुमच्यात ताईला म्हणतात तसं. त्यांनी सांगितलं की प्रीतमच्या घरचे फेब्रुवारी-मार्चमधला मुहूर्त मागत आहेत आणि तू अडून बसली आहेस. म्हणाल्या, "अदी, लड़की आपके हां के लिए बैठी है. हम समझा समझाके थक गए." मग डोळे पुसले. मी त्यांच्यापुढे पाणी ठेवलं. मला अशा वेळी बोलता येत नाही, हे त्यांना सहा वर्षांत माहीत झालं आहे.

जाताना त्यांनी सांगितलं की त्या डब्यांची ऑर्डर प्रीतमच्या आईची. तिने कँटीनमधून कुणीतरी आणलेली आपली नानकटाई खाल्ली होती आणि तिला तीच हवी होती, कोण करतं ते तिला ठाऊक नव्हतं. तू नाही म्हणू शकली असतीस. ओव्हन बिघडलाय म्हणाली असतीस, जसं मी चार जणांना सांगितलं. पण तू म्हणे मम्मीला सांगितलंस की आईंच्या हातचं काहीतरी माझ्या मिश्रीला असू दे.

हे ऐकून माझा राग कमी होईल असं त्यांना वाटलं असावं. तो वाढला. माझ्या हातचं हवं होतं तर मागायचं होतंस. मला न सांगता, दोन दिवस शेजारी उभं करून, माझ्याकडून तुझ्या साखरपुड्याचं गोड करून घेतलंस. मी मधे एकदा म्हणालेही होते, कुणाचं का फंक्शन असेना, त्यांचं चांगलं होवो. तू तेव्हा पाकात चमचा फिरवत होतीस. तोंड पलीकडे होतं.

आता माझ्याकडचं सांगायचं आहे. हे लिहायला तीन दिवस लागले.

तुझ्या आई काल पहिल्यांदा आल्या नव्हत्या. मागच्या मार्चमध्येही आल्या होत्या, एका गुरुवारी दुपारी. तू डबे आणि बटर पेपर आणायला उल्हासनगरला गेली होतीस. त्यांच्या पर्समध्ये प्रीतमचा फोटो होता. मुलगा चांगला आहे, पहिली बायको सोडून गेली, मूलबाळ नाही, चष्म्यांचं दुकान आहे, असं सगळं त्यांनी सांगितलं. म्हणाल्या, हिची उमर ती काय, चौतीस. तुमची परवानगी असेल तरच तिच्याशी बोलते.

मी त्यांना सांगितलं, "सोनियाला मी विचारून बघितलं आहे. तिला लग्न करायचं नाही. हा विषय तुम्ही काढलात तर तिला त्रास होईल."

मी तुला कधीच विचारलं नव्हतं. हे तुला माहीत आहे.

त्या खजील होऊन निघाल्या. मी डबाभर नानकटाई दिली. तू आल्यावर सांगितलं नाही. त्या दिवशी नाही आणि नंतरही नाही. का सांगितलं नाही, हे तुला कळायला काही अवघड नाही. घरात दोन माणसं होती. तू गेली असतीस तर एक उरलं असतं. प्रज्वलचं नाव घेणारी तूच होतीस. बाकीचे लोक माझ्यासमोर त्याचं नाव टाळतात.

हे मी तुला आधीच सांगायला हवं होतं. मग कदाचित तू मला साखरपुड्याचं सांगितलं असतंस. हे आता कळून उपयोग नाही, पण तू मला फसवलंस असं मी लिहिते आहे तर हेही लिहायला हवं.

तारखेबद्दल मी आज काही लिहीत नाही.

वृंदा


खरवई
२६ जानेवारी

सोनिया,

तुझं पत्र मिळालं. पहिल्यांदाच तू मराठीत पत्र लिहिलंस. अक्षर वेडंवाकडं आहे, पण वाचता आलं. ते मी दोनदा वाचलं आणि आठवडाभर त्याला हात लावला नाही.

म्हणजे तुला माहीत होतं.

तू लिहितेस, "मी जिन्यात होते. मम्मीचा आवाज आला म्हणून थांबले. सगळं ऐकलं." मग खाली जाऊन मेडिकलच्या दुकानापाशी उभी राहिलीस, मम्मी रिक्षात बसेपर्यंत, आणि मग वर आलीस.

तो दिवस मला आठवतो. तू आत आलीस, डब्यांचा गठ्ठा टेबलावर ठेवलास आणि विचारलंस, आई, चहा झाला का तुमचा? मी हो म्हटलं. बेसिनमध्ये दोन कप होते. तू दोन्ही कप धुऊन उपडे घातलेस.

मार्च ते नोव्हेंबर. आठ महिने तू माझ्या शेजारी ओट्यापाशी उभी राहिलीस. गणपतीत माझा गुडघा सुजला तेव्हा तेल चोळलंस. प्रज्वलच्या श्राद्धाला त्याच्या आवडीची अळूवडी केलीस. आणि आत हे सगळं धरून ठेवलं होतंस. मी तुझ्याकडे बघून रोज मनात म्हणायचे, हिला कळलं नाही, बरं झालं. तू माझ्याकडे बघून काय म्हणत होतीस, ते आता मला माहीत आहे. तू लिहिलंच आहेस, "तुम्ही स्वतः सांगाल म्हणून मी वाट बघितली. दिवाळीपर्यंत बघितली. मग मला कंटाळा आला, मम्मीला प्रीतमसाठी हो म्हटलं, आणि मग मीपण तुम्हाला सांगितलं नाही."

भांडायचं होतंस. त्याच दिवशी वर येऊन तोंडावर सांगायचं होतंस की आई, तुम्ही खोटं बोललात. मी काय केलं असतं? रडले असते, दोन दिवस जेवले नसते. पण त्यानंतर आपण दोघी एका बाजूला असतो. तू मला तपासत बसलीस आणि मी त्यात रोज नापास होत राहिले, मला माहीतही नसताना.

हे माझ्या चुकीपेक्षा मोठं आहे असं मी म्हणत नाही. माझी चूक आधीची आहे. पण मला ते जास्त लागलं आहे, आणि ते लागलं आहे हे खरं आहे.

साठ डब्यांबद्दलही मी आता वेगळा विचार करते. तू म्हणतेस माझ्या हातचं तिथे असावं म्हणून. मी म्हणते शिक्षा म्हणून. अंजनीला मी हे सगळं सांगितलं (हो, सांगितलं, घरात बसून बसून डोकं फिरायची वेळ आली होती). ती सरळ म्हणाली, "दोन्ही असेल हो ताई. माणूस काय एकाच कारणाने वागतो काय? तुम्ही तरी तिला अडवलंत ते नुसतं स्वतःसाठीच का?"

मी तिला म्हटलं, हो, स्वतःसाठीच.

ती म्हणाली, "मग तुम्ही तिच्यापेक्षा सरळ आहात," आणि हसली. मला हसू आलं नाही.

तू शेवटी पुन्हा तेच विचारलं आहेस. लिहितेस की तुमचा हो आला नाही तर मी प्रीतमला थांब म्हणेन, कितीही दिवस. प्रीतमच्या आईने दोनदा विचारलं, तिसऱ्यांदा विचारणार नाही, हेही लिहिलं आहेस.

मला विचार करू दे. आठ दिवसांत कळवते.

वृंदा


खरवई
२ फेब्रुवारी

सोनिया,

तारीख धरा. हा माझा होकार आहे. प्रीतमच्या घरच्यांना दाखवायचा असेल तर हे पत्र दाखव, खाली सही करते.

मनात काही न ठेवता हो म्हणते आहे, असं समजू नकोस. मला अजून राग आहे. सकाळी उठल्यावर आधी तो आठवतो, मग चहा. पण माझ्या रागासाठी तू पस्तिशीत वाट बघत बसावंस, हे मार्चमध्ये मी केलं तेच दुसऱ्यांदा करणं होईल. एकदा तुझ्या वतीने मी नाही म्हटलं. आता तुझ्या वतीने नाही, माझ्या वतीने हो म्हणते.

लग्नाला मी येणार नाही. तुझ्या आई समजावायला येतील, त्यांना आधीच सांगून ठेव. प्रज्वलची आई म्हणून मला त्या मांडवात बसता येणार नाही, आणि तुझी आई म्हणून बसायला तुझी आई आहे. कुणी विचारलं तर सांग, गुडघा दुखतो. तो दुखतोच.

ओव्हन अजून इथेच आहे. तू नेला नाहीस आणि मी पुन्हा आठवण केली नाही. कँटीनवाल्यांना सांगितलं आहे की महिन्यातून एकदा, थोडी नानकटाई देईन. साधी, वर काही नसलेली. त्यांना ती वरची खारी-गोडच हवी आहे, पण चालेल म्हणाले.

सोसायटीत परवा वॉचमनने विचारलं, सोनियाभाभी कधी येणार. मी म्हटलं, तिचं लग्न ठरलं आहे. तो गोंधळला. मग म्हणाला, अच्छा अच्छा, मुबारक हो आंटी. मी थँक्यू म्हटलं. पहिल्यांदा ते मोठ्याने बोलले. वाटलं होतं तेवढं कठीण गेलं नाही.

लग्न होऊ दे. नवीन घरात रुळ. लगेच येऊ नकोस, मला जमणार नाही. पावसाळ्यानंतर कधीतरी, आठवड्याच्या मधल्या एखाद्या दिवशी, ये. एकटी ये किंवा त्याला घेऊन ये. फक्त आधी फोन करून विचारू नकोस. विचारलंस तर मी नको म्हणेन.

वृंदा